सव्वा मूठ

विशाखानं टेबलावरचे कागद बाजूला सारले, उजव्या हाताची मूठ वळली आणि समोर बसलेल्या अनुसयापुढे धरली.

"एवढी?"

"सव्वा," अनुसया म्हणाली. "एक पुरी, अन् वर पाव."

"आणि ती फक्त पुरुषांच्या नावानं काढायची?"

"हो."

"बायकांच्या नावानं नाही?"

"बाया दळतात ना, ताई. बाया भाजतात."

विशाखाला हसू आलं. ते तिनं तिथंच आवरलं, कारण अनुसयाच्या चेहऱ्यावर हसण्याजोगं काही नव्हतं. विशाखा तरुण वकील होती. गुजरातेतल्या उधन्यात वडिलांच्या घराची पुढची खोली तिनं ऑफिसला घेतली होती, आणि वडील काशीराम रेल्वेतून निवृत्त झालेले असल्यामुळे पेन्शन अडकलेली माणसं तिच्याकडे न बोलावता येत. पेन्शन अडण्याची सगळी कारणं आता आपल्याला पाठ झाली आहेत, असं तिला वाटू लागलं होतं. मूठभर गव्हानं अडलेली पेन्शन मात्र ती पहिल्यांदाच पाहत होती.

अनुसयाचा नवरा भिकन सरकारी नहेर खात्यात, म्हणजे कालव्यांच्या खात्यात होता. बारडोलीकडच्या एका नहेरीचे दरवाजे खालीवर करण्याची त्याची नोकरी. निवृत्तीला थोडे महिने उरले असताना एका सकाळी तो डबा घेऊन कामावर गेला आणि परत आला नाही. त्याची सायकल नहेरीच्या कठड्याला टेकवलेली सापडली. हँडलला जेवणाचा डबा धुऊन लटकवलेला होता. सोबतच्या माणसांनी गळ टाकून पार खालपर्यंत पाणी धुंडाळलं, पण काही हाती लागलं नाही. या गोष्टीला आठ वर्षं झाली होती.

हरवल्याची तक्रार लगेच दिली होती. पेन्शनच्या अर्जाला मात्र अनुसयानं कित्येक वर्षं हात लावला नाही. अर्ज करायचा म्हणजे माणूस गेला असं आपल्या तोंडानं म्हणायचं, आणि तिचं तोंड त्याला तयार नव्हतं. पण गेल्या होळीच्या सुमाराला तिच्या मुलाचा, भूपेंद्रचा, उजवा हात पलसाण्याच्या एका डाइंग मिलमध्ये कापडाबरोबर रोलरात ओढला गेला. हात वाचला, बोटं आखडून बसली. डॉक्टर म्हणाले, दिवाळीच्या आत दुसरं ऑपरेशन झालं तर बोटं वळतील, पुढे करून उपयोग नाही. मिलनं पहिल्या ऑपरेशनचं बिल भरलं आणि अंग काढून घेतलं. सून गायत्री दिवसभर साड्यांना खडे चिकटवत बसे. त्यावर घराची चूल कशीबशी पेटत होती, ऑपरेशन होणार नव्हतं. तेव्हा कुठं अनुसयानं अर्ज केला.

"मावशी, नीट ऐका," विशाखा म्हणाली. "ही कुणाची मेहेरबानी नाही. काकांनी आयुष्यभर नोकरी केली, त्याची ही कमाई आहे. माणूस हरवला म्हणून त्याची कमाई हरवत नाही. आणि सात वर्षं ज्याची खबर त्याच्या घरच्यांनासुद्धा लागली नाही, तो माणूस कायदा गेलेला धरतो. मग तो जिवंत आहे असं ज्याचं म्हणणं असेल त्यानं ते सिद्ध करायचं. तुम्ही नाही."

"मग अडलं कुठं?"

"तुमच्या दिरापाशी."

दीर म्हणजे लोटू, भिकनचा चुलतभाऊ. त्याच गल्लीत राहणारा, कुणाच्या अध्यात ना मध्यात. अर्जाच्या चौकशीत पोलिसांनी त्याला विचारलं, भिकनचं काय झालं असं तुम्हाला वाटतं? लोटूनं जे होतं ते सरळ सांगितलं. श्रावणात घरात कानबाई देवी बसते, आदल्या दिवशी तिच्या नैवेद्याच्या रोटांसाठी घरातल्या जित्या पुरुषांच्या नावानं सव्वा सव्वा मूठ गहू काढतात, मेलेल्याची मूठ निघत नाही, आणि भिकनची दरसाल निघते. हवालदाराला कानबाई ठाऊक नव्हती, रोट ठाऊक नव्हते. त्यानं आपल्याला समजलं तेवढं लिहून घेतलं: कुटुंबीय व भाऊबंद सदर इसमास हयात मानतात.

"कोर्टात पोळ्यानंतरची तारीख आहे," विशाखा म्हणाली. "खात्याचा वकील लोटूकाकांना विचारणार, अजून मूठ काढता का? काढता, म्हणजे तो जिवंत असल्याची काहीतरी खबर असणारच. मग तुमच्या सासूबाईंनाही विचारेल. आईला मुलाची खबर नसेल असं कोण म्हणेल? त्या काय सांगतील?"

अनुसयानं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, पुन्हा गुंडाळलं.

"मावशी, खरं सांगा. कधी फोन, निरोप, चिठ्ठी?"

"काहीच नाही, ताई. देवाशपथ."

"मग या वर्षी त्यांची मूठ काढू नका. लोटूकाकांना समोर बसवा. मी कुणाला खोटं बोलायला सांगत नाही. त्यांनी जे पाहिलं तेच कोर्टात सांगायचं."

अनुसया उठली. दारापर्यंत गेली आणि वळून म्हणाली, "मूठ मी नाही काढत, ताई. माय काढतात."

तिनं शपथ घेतली होती ती खरीच होती. भिकनचा फोन कधी आला नव्हता. पण सासूला, धुरपदाबाईला, तो दर थोड्या दिवसांनी येत होता.

सुरुवात पहिल्या वर्षी झाली. धुरपदाबाईनं अन्न सोडलं होतं. डोळ्यांनी तिला तेव्हाच अंधुक दिसायचं, आता तर उजेड आणि अंधार एवढाच फरक कळे. ती भिंतीकडे तोंड करून पडून राही, आणि तांब्या तोंडाला लावला तरी ओठ उघडत नसे. एका दुपारी अनुसयाला ते बघवेना. ती बाहेरून आली आणि एकदम म्हणाली, "माय, फोन उना व्हता. बरा शे म्हने."  म्हातारीनं भाकर मागितली. त्या दिवसापासून भिकन कधी नाशकाला असे, कधी गुजरातेतच कुठे तरी देवळात. बोलणं नेहमी थोडकंच होई आणि फोन लगेच कटे. धुरपदाबाई सगळं ऐकून घेई. एकदाही तिनं, माझ्याशी बोलायला दे, असं म्हटलं नाही. म्हातारं माणूस मुलावर रुसलं असेल, अशी अनुसयानं स्वतःची समजूत घातली होती. खरं तर ते सांगताना तिला स्वतःलाही दोन घास जास्त जात.

आणि आता याच म्हातारीला सांगायचं होतं की तो फोन कधी आलाच नाही, आणि या शनिवारी तू तुझ्या हातानं तुझ्या मुलाला वगळ.

त्या आठवड्यात अनुसयानं किती वेळा तोंड उघडलं याला गणती नाही. सासूच्या डोक्याला तेल लावताना तिनं सुरुवात केली, "माय, एक सांगनं व्हतं," आणि सांगितलं काय, तर डाळ महाग झाली. पाय चेपताना पुन्हा धीर केला. तेव्हा म्हातारीनंच विचारलं, "भिकनना फोन उना का वं?" आणि अनुसयाच्या तोंडून निघून गेलं, "हां माय, सकाळेच उना व्हता." निघून गेल्यावर तिला स्वतःचा इतका राग आला की मोरीत जाऊन तिनं नळ सोडला आणि पदर तोंडात कोंबून रडून घेतलं.

शुक्रवारी दुपारी भूपेंद्रचा धीर सुटला. लिंबायतच्या त्या घरात खोली एक आणि वर माळा. म्हातारी कोपऱ्यात डोळे मिटून पडलेली होती. गायत्री साड्या पोचवायला गेली होती.

"आई, तू नाही बोलत तर मी बोलतो मोठी मायला," तो दबक्या आवाजात म्हणाला. "आज बोलतो. अबी."

"हळू बोल."

"आठ वरस हळूच बोलतोय आपण. लोटूकाका कोर्टात जे पाहील तेच सांगणार. एक मूठ आहे, आई! फक्त एक मूठ!"

असं म्हणून त्यानं हात पुढे केला. उजवाच हात पुढे आला, सवयीनं. बोटं अर्धवट वाकली आणि तिथंच थांबली. मूठ काही वळली नाही. तो हाताकडे बघत राहिला, आणि मग तो हात त्यानं दुसऱ्या हातानं धरून पाठीमागे लपवला, लहानपणी काही फोडून आल्यावर लपवायचा तसा.

"मी सांगसू," अनुसया म्हणाली. "आज सांगसू. तू बाहेर जा."

कोपऱ्यात म्हातारीनं कूस बदलली. अनुसया तिच्याजवळ जाऊन बसली. दिवेलागण झाली, गायत्री आली, स्वयंपाक झाला, जेवणं झाली. अनुसयानं काही सांगितलं नाही.

शनिवारी घर धुतलं. उद्या ज्या कोपऱ्यात कानबाई बसायची तिथं चौरंग मांडला, भिंतीला आंब्याची पानं लावली. लोटू आणि त्याची बायको सुषमा आले, लोटूची दोन्ही मुलं आली. भाऊबंदांत थोरलं घर भिकनचं, म्हणून कानबाई इथंच बसे आणि सगळ्या भाऊबंदांचे गहू इथंच निघत. गव्हाची पाटी आणि रिकामं सूप चौरंगापुढे ठेवलं. दरसाल धुरपदाबाई चौरंगाकडे तोंड करून, सगळ्यांकडे पाठ करून बसे. डोक्यावरचा पदर ती पुढे एवढा ओढून घेई की तिचे हातही त्याखाली झाकून जात. ती एकेक नाव घेई आणि मागं बसलेले डोळे मिटून हात जोडत.

 अनुसयानं काहीच सांगितलेलं नव्हतं. आता म्हातारी पहिलं नाव भिकनचं घेणार, लोटू ते ऐकणार, पोळ्यानंतर कोर्टात उभा राहून ते सांगणार, आणि भूपेंद्रची बोटं तशीच राहणार. हे सगळं आपल्या भित्रेपणामुळे होणार, हे तिला लख्ख दिसत होतं. भूपेंद्र दाराशी उभा होता. त्यानं आईकडे एकदा पाहिलं आणि मान दुसरीकडे फिरवली.

गायत्रीनं म्हातारीला हाताला धरून आणलं. पाटाशी आल्यावर धुरपदाबाईनं पायानं पाट चाचपला आणि म्हणाली, "हाऊ पाट फिराव."

"काय, मोठी माय?"

"फिराव. तोंड इकडे राहू दे, मानसंसकडे."

गायत्रीनं सासूकडे पाहिलं, मग पाट फिरवला. धुरपदाबाई लोकांकडे तोंड करून बसली. डोक्यावर पदर घेतला, पण हात बाहेरच ठेवले. नंतर तिनं दोन्ही बाह्या कोपरापर्यंत सारल्या.

"लोटू कथा शे?"

"आठेच शे, काकू."

"पुढे बस. मना समोर. डोळा उघडा ठेव."

लोटू घुटमळत पुढे सरकला. कानबाईचे गहू निघताना डोळे उघडे ठेवायचे, हे त्याला चमत्कारिक वाटत होतं. सुषमा काहीतरी पुटपुटली. धुरपदाबाईनं चाचपून पाटी उजवीकडे घेतली, सूप डावीकडे ठेवलं, आणि स्वच्छ आवाजात पहिलं नाव घेतलं.

"भिकन."

अनुसयानं डोळे मिटले. मग लगेच उघडले.

म्हातारीचा हात पाटीत गेला होता. गव्हात बुडाला, मूठ वळली, वर आली आणि सुपावर उघडली. सुपात काही पडलं नाही. तिनं तळवा उलटा करून दाखवला. पुन्हा हात पाटीत गेला, पाव मुठीसाठी तीन बोटं जुळली, वर आली आणि सुपावर सुटली. एक दाणा पडला नाही.

"काकू, गहू नही उनात हातमा," लोटू हळूच म्हणाला. म्हातारपणी हातात जोर राहिला नसेल, असं त्याला वाटलं.

"माले ठाऊक शे. दरसाल अशीच ऱ्हास त्यानी मूठ. तुम्ही डोळा झाकतस, तुम्हले काय दिसई?"

मग तिनं भूपेंद्रचं नाव घेतलं. या वेळी हात वर आला तो बोटांच्या फटींतून गहू सांडत, आणि सूप वाजलं. लोटूची मूठ निघाली, त्याच्या मुलांच्या निघाल्या. सगळ्या भरलेल्या, टच्च. हाताच्या जोराला काही झालेलं नव्हतं.

शेवटचं नाव झाल्यावर अनुसया तिच्यासमोर जाऊन बसली. तिला रागच आला होता. इतक्या वर्षांचा राग एकदम वर आला, आणि तो नेमका कुणाचा हे तिला कळत नव्हतं.

"माय, मंग माले काबर नही सांगं?"

"तू कुंकू लावत व्हतीस ना वं," म्हातारी म्हणाली. "मी कशी सांगू?"

"अन् फोन?"

"फोन तू सांगे. सांगाले लागनी की तुना आवाज बदले. बरं वाटे तुले. म्हनीसन मी आयकू."

 ज्या म्हातारीला जगवण्यासाठी अनुसयानं ते फोन आणले होते, ती म्हातारी आजवर तिलाच जगवत होती.

धुरपदाबाईनं हात पुढे करून तिचा गुडघा चाचपला आणि त्यावर हात ठेवला.

"डबा घर उना तव्हयच माले समजनं. मी हात फिराई देखा. डबा व्हता, झाकन नव्हतं. लहानपनपाइन त्यानी तीच सवय. डबा आधी धुवाना, मंग झाकन. झाकन धुवालेच परत नहेरमा उतरना व्हता तो."

 तो कडीचा डबा आठ वर्षं फळीवर होता, वर एक बशी झाकलेली. झाकण वाटेत सायकलवरून पडलं असेल, असं अनुसया सगळ्यांना सांगत आली होती. डबा धुऊन ठेवणारा माणूस परत येणारच, असंही. तिचा हात नकळत कपाळावरच्या कुंकवाकडे गेला. बांगड्या वाजल्या, आणि म्हातारीनं आवाजावरून ओळखलं.

"राहू दे," ती म्हणाली. "ते कोनी नही मांगं."

दाराशी भूपेंद्र खाली बसला होता, दुखरा हात मांडीवर ठेवून. त्याच्या गालावरून पाणी वाहत होतं आणि तो ते पुसत नव्हता. लोटू उठला, टोपी नीट केली, पुन्हा काढली.

"वहिनी," तो म्हणाला, "कोर्टमा इचारतीन ते मी जे देखं तेच सांगसू. नाव लिधं. मूठ रिकामी व्हती."

सुषमानं सुपातले गहू पाखडायला घेतले. दळायला नेण्यासाठी ती पिशवी शोधू लागली, तेव्हा अनुसया उठली आणि तिनं फळीवरचा डबा काढला. बशी बाजूला ठेवली, डबा विसळला, पदरानं पुसला आणि त्यात गहू ओतले. कडी धरून ती एकटीच निघाली.

गल्लीच्या तोंडाशी उखाची पिठाची चक्की. रोटांच्या दिवशी तो चक्की धुऊन पुसून ठेवी आणि दुसरं कुणाचं दळण घेत नसे. रांगेत सगळ्या गल्लीतल्या बाया होत्या, प्रत्येकीनं आपले गहू फडक्याखाली झाकून आणले होते. अनुसयाचा नंबर आला तेव्हा उखानं डबा हातात घेतला आणि आत पाहिलं.

"वहिनी, रोटना गहू अशा उघडा आनात? झाकन कथा शे?"

या प्रश्नाचं उत्तर अनुसयाला तोंडपाठ होतं. तिनं ते बोलायला तोंड उघडलं आणि थांबली. मागच्या बाया वाट पाहत होत्या.

"नहेरमा वाही गयं," ती म्हणाली.

उखानं मान हलवली, गहू वर ओतले आणि चक्की सुरू केली.